दोन कडा आपांच्या, दोन माझ्या

माझ्या स्वयंपाकघरात फडताळाच्या वरच्या कप्प्यात करंजीचा एक प्लास्टिकचा साचा पडून आहे. पिवळ्या रंगाचा, फुकट मिळालेला. कणीक ठेवा, सारण घाला, चाप दाबा, झाली करंजी. अकलेची गरज नाही आणि बोटांची तर नाहीच. हा साचा मी कधी वापरला नाही आणि टाकूनही दिला नाही. तो दिसला की माझ्या तळपायाची आग मस्तकात जाते. ती जावी म्हणूनच तो ठेवला आहे.

माझं माहेर हिवरखेडचं, शेतीवाडीचं. पौषात तुरीच्या शेंगा भरल्या की आमच्याकडे घरभर सोले. सोले म्हणजे तुरीचे ओले, हिरवे दाणे. त्यांची आमटी व्हायची, सोलेभात व्हायचा आणि थंडीत एकदा तरी आई सोल्याच्या तिखट करंज्या करायची. सोले पाट्यावर हिरवी मिरची, लसूण, जिरं घालून भरड वाटायचे, तेलावर कोरडे होईपर्यंत परतायचे आणि वरून मूठभर सांबार. सांबार म्हणजे कोथिंबीर. पुण्याच्या एका पाहुणीने एकदा आमच्या आईने सांबाराची जुडी मागितल्यावर इडलीची वाट पाहिली होती, म्हणून सांगून ठेवते.

आईचा सगळा जीव करंजीच्या मुरडीत असायचा. कड चिमटीत धरून दुमडायची, पुढे सरकायचं, परत दुमडायची. वेणी घातल्यासारखी कड दिसली पाहिजे. ज्या बाईला मुरड येत नाही तिने करंजीच्या वाटेला जाऊ नये, असं आईचं स्पष्ट मत होतं. माझंही तेच आहे.

लग्न होऊन अकोल्याला आले, शाळेत नोकरी लागली आणि शेजार मिळाला आपांचा. त्या माझ्याहून दहा वर्षांनी मोठ्या, माहेर हैदराबादचं. आमच्या दोघींच्या परसात मिळून एक कमरेएवढी भिंत. आपांचं मराठी इथेच, बाजारात आणि या भिंतीवर तयार झालेलं, त्यामुळे ते माझ्यापेक्षा अस्सल वऱ्हाडी आहे. मी शाळेत बोलून बोलून बिघडले.

त्या भिंतीवरून एक स्टीलचा डबा ये-जा करायचा. डबा माझा, झाकणावर सासरचं नाव कोरलेलं. सासूबाई होत्या तोवर आपांकडून आलेलं फक्त कोरडं चालायचं, खजूर, शेवया, फळं. शिजवलेलं नको. मी तेव्हाही काही बोलले नव्हते, हे इथेच सांगून टाकते, कारण पुढे ते कामाला येणार आहे. सासूबाईंच्या माघारी शिजवलेलं सुरू झालं. एक गोष्ट मात्र पहिल्यापासून दोन्ही घरांत सारखी होती. दुसऱ्याचं भांडं रिकामं परत करायचं नाही. घरात काही केलेलं नसेल तर चिमूटभर साखर टाकायची, पण रिकामं नाही. इतक्या वर्षांत तो डबा एकदाही रिकामा आला नव्हता.

एका थंडीत त्या डब्यातून लुखमी आली. लुखमी म्हणजे हैदराबादकडची चौकोनी, खुसखुशीत, पदर सुटलेली तळणी. आत एरवी खिमा असतो. आमच्यासाठी आपांनी मसूर भरला होता. मी खाल्ली आणि मला त्या पारीचा हेवा वाटला, खोटं कशाला बोलू. मैद्यात दही आणि तुपाचं मोहन, मग लाटून, तूप लावून, घडी घालून, ओल्या फडक्याखाली झाकून ठेवायचं आणि परत लाटायचं. तळताना कापलेल्या कडेला पदर असे सुटतात की मोजत बसावं. आईच्या करंजीचं सारण त्या पारीत घालून पाहावं, हे मी भिंतीवरूनच म्हणाले आणि आपा पाट-बेलणं घेऊन माझ्याकडे आल्या.

पहिल्याच दिवशी भांडण. त्यांना सारणात तळलेला कांदा आणि पुदिना हवा होता. सोल्यात तळलेला कांदा घालणं म्हणजे माझ्या आईच्या तोंडावर बोलणं होतं. मी नाही म्हणाले, त्यांनी माझी पाठ वळल्यावर घातला. चांगला लागला. मी अजून त्यांच्यासमोर तसं कबूल केलेलं नाही. मग आकाराचं भांडण. मी म्हणाले, हे चौकोन म्हणजे पत्र्याचे तुकडे वाटतात. त्या म्हणाल्या, तुझी मुरड म्हणजे परकराची झालर.

भांडण मिटवलं कढईने. सोल्यांना पाणी सुटतं, कितीही परता. नुसत्या दाबलेल्या कडा तेलात उलतात आणि दाणे कढईभर पळतात. आणि चारही बाजूंनी मुरड घातली तर पदर सुटत नाहीत, सगळी मेहनत आतल्या आत राहते. तेव्हा तोड निघाली. चौकोनाच्या समोरासमोरच्या दोन कडांना मी मुरड घालायची. उरलेल्या दोन कडा आपांनी बंद करायच्या, त्यांच्या पद्धतीने, दही आणि मैद्याची खळ लावून, तळहाताच्या टाचेने दाबून. मुरड त्यांच्या बोटांना कधी जमली नाही, सांधे दुखतात त्यांचे. आणि तो टाचेचा दाब माझ्या हाताला कधी जमला नाही. माझ्याकडून एक तर पदर चिरडतात, नाही तर कड उघडी राहते. म्हणून एका पाटाच्या दोन बाजूंना दोघी बसायच्या. चौकोन माझ्याकडून त्यांच्याकडे सरकायचा, त्यांच्याकडून कढईत. एकटीने हा पदार्थ होत नाही. हे मी कौतुकाने सांगत नाही, ती त्याची कृती आहे.

पंधराएक हिवाळे आम्ही हे केलं. नाव पडलं सोले-लुखमी. गल्लीत सगळ्यांना माहीत होतं.

मी निवृत्त झाले त्या वर्षी अमरावतीच्या एका महिला मंडळाने हिवाळी खाद्यजत्रा भरवली. वऱ्हाडी पदार्थांचे स्टॉल, शेवटी बक्षीस. माझ्या एका जुन्या सहकारी बाईने मला कोरा अर्ज पाठवला. मी अर्जात पदार्थाचं नाव लिहिलं, सोले-लुखमी, आणि खाली दोघींची नावं लिहिली. माझ्या शाळामास्तरणीच्या सुवाच्य अक्षरात लिहिली. वाचता येत नव्हती असं कोणी म्हणू शकणार नाही.

जानेवारीतल्या पहिल्या रविवारी सकाळच्या गाडीने आम्ही निघालो. सारणाचा डबा माझ्या मांडीवर, मळलेल्या मैद्याचं पातेलं ओल्या फडक्यात बांधून आपांच्या मांडीवर. आपांनी मोतिया रंगाचा नवीन दुपट्टा घेतला होता. बडनेऱ्याला उतरून ऑटो केली. रस्ताभर आपा मला बजावत होत्या की गिऱ्हाइकाशी तू बोलू नको, तू मास्तरणीसारखी बोलतेस, लोक घाबरून पैसे ठेवून पळून जातील. बोलायचं काम त्यांचं, असं ठरलं होतं.

स्टॉलवर पोचलो तर वर नावाची फळी लागलेली, ‘पारंपरिक वऱ्हाडी तिखट करंजी’. खाली एकच नाव. माझं.

मंडळाच्या अध्यक्षीणबाई आल्यावर मी त्यांच्याकडे गेले. बाई गोड. गोड माणसांचा मला आता राग येतो. त्या म्हणाल्या की लुखमी हा शब्द लोकांना कळत नाही, शिवाय जत्रा आपल्या पदार्थांची आहे. मी म्हणाले, सोले हिवरखेडचे आहेत आणि करणारी अकोल्याची आहे, आणखी किती आपलं पाहिजे? त्या हसल्या. मग माझ्या दंडाला हात लावून, मला जरा बाजूला घेऊन, हळू आवाजात म्हणाल्या, “तुमच्या मदतीला आलेल्या त्या बाई मागे तळायला बसल्या तर बरं. लोक विचारतात हो, शाकाहारी आहे ना म्हणून. उगाच प्रश्न नकोत.”

मदतीला आलेल्या बाई.

मी तीस वर्षं वर्गात उभी राहिले आहे. खोटं बोलणाऱ्या पोराला मी बाकावर उभं केलं आहे. शाळा तपासायला आलेल्या साहेबाने खिचडीचं वजन चुकीचं लिहिलं तेव्हा त्याच्या हातून पेन काढून घेतलं आहे. माझ्या तोंडाला अख्खी शाळा भीत होती. आणि त्या दिवशी, त्या मांडवात, त्या गोड बाईला मी काय म्हणाले? मी म्हणाले, “बरं.”

आजूबाजूला लोक होते, स्टॉल सुरू व्हायची वेळ झाली होती, एवढ्या लांबून आलो होतो, तंटा कशाला. ही कारणं मी नंतर शोधली. तेव्हा एकही डोक्यात नव्हतं. तेव्हा फक्त ‘बरं’ होतं, आणि ते फार सहज आलं.

आपांना मी सांगितलं की मागे कढईकडे माणूस पाहिजे, तुम्ही तिकडे बसता का. मी खोटं कारणही धड देऊ शकले नाही, अर्धवट काहीतरी पुटपुटले. त्यांनी फळीकडे पाहिलं. आपांना मराठी चांगलं वाचता येतं. मग त्यांनी मोतिया दुपट्टा काढून घडी केली, पिशवीत ठेवला, आणि कापडाच्या पडद्यामागे गेल्या.

आता कृती आठवा. दोन कडा त्यांच्या, दोन माझ्या. मी पुढे, त्या मागे, मध्ये पडदा. अध्यक्षीणबाईंच्या डोक्यात हे येणार नव्हतं, त्यांना उंटावरून शेळ्या हाकायच्या होत्या. पण माझ्या डोक्यात यायला पाहिजे होतं. सकाळी आल्याआल्या, अध्यक्षीणबाई यायच्या आधी, दोघींनी मिळून केलेल्या साठ-सत्तर लुखम्या तासाभरात संपल्या. लोकांनी बोटं चाटली. विचारत होते की करंजी चौकोनी कशी, आणि मी, लाज वाटते सांगायला, मी हसून म्हणत होते की आमच्याकडे अशीच करतात. शाकाहारी आहे का, हे दिवसभरात एकानेही विचारलं नाही.

दुपारी पडद्यामागून तेल तडतडल्याचा आवाज आला. आपा एकट्या भरत होत्या. चारही कडा खळ लावून टाचेने दाबत होत्या, पण मुरडीच्या दोन कडा मुरडीशिवाय धरत नव्हत्या. कढईत हिरवे दाणेच दाणे. आपांच्या मनगटावर तेल उडालं होतं, त्यावर त्यांनी कच्च्या मैद्याचा लेप दिला होता. मी आत जायला आणि अध्यक्षीणबाई यायला एकच गाठ पडली. त्यांनी कढईत डोकावून पाहिलं आणि आपांच्या समोर, आपांकडे न बघता, मला म्हणाल्या की यांना जमत नाही वाटतं, थांबा. आणि पर्समधून पिवळा साचा काढला. प्रायोजकाने दिले होते, प्रत्येक स्टॉलला एक.

हीसुद्धा वेळ होती. खरी वेळ हीच होती. तिथे त्या क्षणी मी एवढंच म्हणायला पाहिजे होतं की बाई, जमत नाही ते यांना नाही, मला, कारण माझ्या दोन कडा सोडून मी पुढे जाऊन उभी राहिले आहे. एक वाक्य होतं. मी मूग गिळून गप्प बसले.

आपांनी साचा हातात घेतला. उलटसुलट करून पाहिला. आणि उरलेल्या मैद्याच्या, त्या दह्यातुपाच्या, रात्री दोनदा घड्या घातलेल्या पारीच्या त्यांनी साच्यातून अर्धगोल करंज्या काढल्या. एकसारख्या, गुळगुळीत, चाप दाबलेल्या. एकही फुटली नाही. एकीचाही पदर सुटला नाही.

संध्याकाळी बक्षीस मिळालं. उत्कृष्ट पारंपरिक पदार्थ. परीक्षक म्हणाले की कडा जरा घरगुती वळणाच्या होत्या, पण साच्यातल्या अगदी नेटक्या. माझ्या आईची मुरड यांना वाकडी वाटली आणि प्लास्टिकचा चाप नेटका वाटला. मी ते प्रशस्तिपत्र घेतलं. टाळ्या वाजल्या. आपांनीही पडद्याच्या कडेला उभं राहून वाजवल्या, मनगटावर मैदा वाळलेला होता.

परतीच्या गाडीत आपा बोलत होत्या. यंदा थंडी कमी आहे, मूर्तिजापूरला चहा पाणचट मिळतो, असलंच काहीतरी. त्या रागावल्या असत्या तर मला बरं वाटलं असतं. उतरताना मैद्याचं पातेलं मी घ्यायला गेले, त्यांनी दिलं नाही.

दुसऱ्या दिवशी मी डब्यात शिरा भरून भिंतीवर ठेवला. संध्याकाळी डबा परत आला. घासलेला, पुसलेला, चकचकीत. झाकण उघडलं. आत काही नव्हतं.

मला वाटलं विसरल्या असतील. आठवड्याने मेथीचे पराठे पाठवले. डबा आला, रिकामा. मग संक्रांतीचा तिळगूळ. गोड बोला म्हणून जे पाठवतात ते. डबा रिकामा. भिंतीशी भेटल्या की बोलणं मात्र नेहमीसारखं, पाण्याची वेळ, भाजीचा भाव, गुडघे. कोणाला सांगितलं असतं तर कळलंही नसतं काय झालंय ते. माझ्या घरच्यांना मी म्हणाले की डबा रिकामा येतोय, तर ते म्हणाले, मग काय झालं, भांडं स्वच्छ तर येतंय ना. पुरुषांना काही सांगायला जाऊ नये.

शेवटी एका दुपारी मी भिंत सोडली, रस्त्याने वळसा घालून त्यांच्या पुढच्या दाराने गेले. इतक्या वर्षांत त्या दाराने मी क्वचितच गेले असेन. त्या तांदूळ निवडत होत्या. मी बसले आणि त्या अध्यक्षीणबाईंना शिव्या द्यायला सुरुवात केली. फळीला दिल्या, साच्याला दिल्या, त्या परीक्षकाला तर फारच दिल्या. असली माणसं, तसली वृत्ती, नाकाने कांदे सोलतात मेले. माझा संताप खरा होता. आपांनी मला पूर्ण बोलू दिलं. ताटातला एक खडा काढून बाजूला ठेवला.

“ते तं परके होते,” त्या म्हणाल्या. “त्यायले मी काय मागू? तू कावून गप्प रायली?”

 माझी सगळी शाळा, सगळी पट्टी, सगळं तोंड कुठे गेलं कोण जाणे. मी त्यांच्या ताटातले तांदूळ निवडू लागले. त्यांनी निवडू दिले. तेवढंच.

वर्ष तसंच गेलं. डबा जायचा, डबा यायचा. पुन्हा तुरीला शेंगा आल्या, आणि अध्यक्षीणबाईंचा फोन आला. गेल्या वर्षीची करंजी लोकांना फार आवडली, यंदाही याल ना? मी म्हणाले, येईन. फळीवर सोले-लुखमी लिहा, दोन नावं लिहा, आणि पुढे दोन खुर्च्या ठेवा.  मग गोड आवाज म्हणाला की बाई, तुम्ही एवढ्याशा गोष्टीचा विषय मोठा करताय. मी म्हणाले, गेल्या वर्षीच करायला पाहिजे होता, तेव्हा चुकले. त्या म्हणाल्या, समितीला विचारून कळवते. कळवलं नाही. जत्रा झाली म्हणे, कोणीतरी मिरचीची भाजी ठेवली होती.

हे मी आपांना सांगितलं नाही. सांगायला धावत निघाले होते, भिंतीपर्यंत गेलेही. मग माझाच राग आला. फोनवर, घरात बसून, वर्षभराने केलेली मर्दुमकी घेऊन मी शाबासकी घ्यायला चालले होते.

त्याऐवजी मी सोले सोलले. सारण केलं, कांदा-पुदिना घालून. पारी केली. एकटीच पाटावर बसले. माझ्या दोन कडांना मुरड घातली. त्यांच्या दोन कडांना खळ लावून तळहाताच्या टाचेने दाबलं, जसं पंधरा वर्षं समोर बसून पाहिलं होतं. तेलात सोडल्या आणि एकेक करून सगळ्या उलल्या. मुरड जागच्या जागी, नीट. आणि त्यांच्या दोन्ही बाजू उघड्या, सारण बाहेर. चांगली दिसणारी एकही निघाली नाही. मी त्या तशाच, फुटक्या, डब्यात भरल्या आणि भिंतीवर ठेवल्या.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी परसात कपडे वाळत घालत होते. आपा डबा हातात घेऊन भिंतीशी आल्या.

मी म्हणाले, “आपा, तुमच्या दोन कडा मले शिकवा. माह्याच्यानं होऊन नाई राहिलं.”

त्यांनी माझ्याकडे नीट पाहिलं. हसत होत्या की नाही, ते मला आजही सांगता येणार नाही.

“मी नाई शिकवत,” त्या म्हणाल्या. “शिकवलं तं पुढच्या येळी मले घरीच ठेवशीन.”

डबा भिंतीवर ठेवून त्या आत गेल्या. मी ओले हात पदराला पुसले. डबा उचलला, हलका लागला, आणि झाकण उघडायला मला बराच वेळ लागला. आत तळाशी साखर होती. चिमूटभर, घरात काही केलेलं नसताना टाकतात तेवढीच. मी ती तिथे उभ्यानेच खाल्ली.